मुशीच्या प्रस्तावनेची बखर

श्रीवाग्देवी साक्ष असो. शके एकोणीसशे शेचाळीस, क्रोधी नाम संवत्सर. बखर लिहावयाची तर कोणी धनी आज्ञा करितो आणि मग लेखक लेखणी उचलतो, ऐसी वहिवाट आहे. या बखरीस आज्ञा करणारे माणूस उरले नाही, तरी लिहिली. प्रथम इतुके ध्यानी ठेवावे की, ते साली आषाढमासी मातोश्री कुमुदबाई यांस ग्रंथालयाच्या जिन्यात घेरी आली, आणि श्रावणमासी देवापुढे उदबत्ती लाविताना दुसऱ्यांदा आली. दोन्ही वेळा क्षणमात्र, आणि दोन्ही वेळा सावध होऊन, उपास होता म्हणून जाले, ऐसे म्हणाल्या आणि विषय बदलिला. मधल्या दिवसांत गुडघ्याकरिता शेजारणीने सांगितलेल्या पिवळ्या गोळ्या घेऊ लागल्या होत्या. वाचणारास वाटेल की मुशीच्या प्रकरणी याचा संबंध काय. तरी असू द्यावे.

तदनंतर राज्याचे वर्णन. समुद्रकिनारी एक राज्य होते, त्याचे नाव सांगावयाचे कारण नाही. राज्य थोर नव्हे. तीन दालने, एक कोठी, दार नीट न लागणारी एक शीतपेटी, आणि भिंतीशी काचेच्या बरण्यांची रांग. त्यात नाग, विंचू आणि दोन तोंडांचे वासरू औषधी पाण्यात डोळे उघडे ठेवून कैक वर्षे उभे, तेच या राज्याचे पूर्वज म्हणावे. प्राणिशास्त्राचा अंमल होता. गादीवर राजश्री वासुदेवपंत होते, त्यांस सर्व रयत सर म्हणे. इतर राज्यांत आधी प्राणी फाडावा आणि आत काय निघाले ते पाहून मग अहवालाची प्रस्तावना लिहावी, म्हणजे लिहिणारास सारे आधीच ठाऊक होते ऐसे दिसते, ही चाल सर्वत्र आहे. या राज्यात उलटी चाल होती. आधी प्रस्तावना, मग शस्त्र. प्राणी मेजावरील मेणाच्या ताटात ठेवावा, आणि ज्याने कापावयाचे त्याने उभे राहून स्वहस्ते लिहिलेली प्रस्तावना सर्व दरबारासमक्ष वाचावी, त्यात प्राणी कोणता, तो कशास्तव फाडावयाचा आणि फाडिल्याने काय कळेल ऐसी अपेक्षा, हे तिन्ही सांगावे, आणि सरांनी ऐकून "कापा" ऐसा हुकूम दिला म्हणजे मग शस्त्रास हात घालावा. सर म्हणत, "कशाला कापतोय ते ज्याला सांगता येत नाही, त्यानं सुरी धरू नये. खाटकालासुद्धा गिऱ्हाईक माहीत असतं." वचन खरे होते, परंतु रयत चतुर होती. कोणे एके काळी कोणा हुशार विद्यार्थ्याने एक प्रस्तावना रचिली होती, तीच सालोसाल उतरून घेत आणि उभे राहून गंभीर मुद्रेने वाचीत. सर्वांच्या प्रस्तावनेत तेच हेतू, त्याच अपेक्षा, आणि एका ठिकाणी तीच चूक. सर खिडकीबाहेर पाहत ऐकत आणि अखेरीस "कापा" म्हणत. नियमही राहिला आणि कामही चालिले.

ते राज्यी हेमांगीबाई म्हणोन एक विद्यार्थिनी होत्या. वय छत्तीस. तरुणपणी येथेच शिकत होत्या, मग शिक्षण अर्ध्यात टाकून परमुलखी नोकरीस गेल्या आणि पुष्कळ वर्षांनी फिरोन आल्या. फिरोन येण्यास कारण मातोश्री कुमुदबाई. त्या म्हणाल्या होत्या की अर्धवट विणलेला स्वेटर आणि अर्धवट शिक्षण घरात ठेवू नये, दोहोंस कसर लागते. मग बाईंनी पुन्हा नोंदणी केली आणि बाकीचे सर्व विषय पार केले. उरले ते एवढेच, मुशीचे विच्छेदन आणि त्याचा अहवाल. नोंदणीची मुदत या सत्रासरशी सरत होती. अहवालावर सरांची सही जाली तर नाव परीक्षेस जाणार, आणि नाव न गेले तर मागील सर्व केले न केले सारखेच. हे बाईंस ठाऊक होते, सरांस ठाऊक होते, आणि अवघ्या दरबारास ठाऊक होते.

आता मातोश्रींची रीत लिहितो, कारण प्रकरण तिजपासून उपजले. कुमुदबाई मराठी शिकवीत आणि निवृत्तीनंतरही तांबडी पेन्सिल त्यांच्या हातून सुटली नव्हती. निबंध कोणाचाही असो, पहिला परिच्छेद खोडीत. त्यांचे मत ऐसे की पहिला परिच्छेद माणूस स्वतःस बसते करण्यास लिहितो, वाचणारास त्याचा उपयोग नाही. "घसा बाहेर खाकरून यावं आणि मग वर्गात शिरावं," ऐसे म्हणत. आणि नवल हे की बहुतेक वेळा त्यांचे खरे निघे. धाकटे चिरंजीव मंदारराव यांनी वसतिगृहातून पहिले पत्र धाडिले, ते मातोश्रींनी तपासून परत धाडिले. "मी येथे खुशाल आहे" येथपासून "तुमची आठवण येते" येथवर खोडिले होते आणि खाली शेरा होता की बाकी उत्तम. मंदारराव ते पत्र मित्रांस दाखवून हसत आणि हसता हसता एके दिवशी रडले, ही गोष्ट घरात सर्वांस ठाऊक होती आणि पुढे कैक वर्षे तिजवर हसणे जाले. हेमांगीबाईंस तर ही रीत हाडीमासी खिळली. काहीही लिहिले की लिहून होताच आतून आवाज येई, आणि हात आपोआप वर जाई, आणि पहिला परिच्छेद जाई.

भाद्रपदमासी गौरी जेवल्या. दुसरे दिवशी विसर्जन करून मातोश्री गौरीची साडी घडी घालीत होत्या, एक पदर त्यांच्या हाती आणि दुसरा हेमांगीबाईंच्या हाती, तो मातोश्रींच्या हातचा पदर सुटला. इतुकेच जाले. बाईंनी रागे भरून म्हटले, "आई, नीट धर की." आणि मग पाहिले.

डॉक्टर आले, त्यांनी मान हालविली, मृत्यूचे कारण काही त्यांस सांगता येईना. मंदारराव रात्रीच्या गाडीने निघून सकाळी पोचले आणि येताच म्हणाले की आईला आता कापू नका, जाले ते जाले. हेमांगीबाई म्हणाल्या, "मला कारण हवंय." बंधूने पुष्कळ समजाविले. मावश्यांनी समजाविले, की बाळे, कारण घेऊन करणार काय. परंतु बाई प्राणिशास्त्राच्या राज्यातील. फाडिल्याने कळते, हे त्यांचे दैवत. त्यांनी हट्ट धरिला आणि हट्ट चालिला. मग इस्पितळी नेले. तेथील तरुण डॉक्टरांस त्या दिवशी मनुष्यबळ नव्हते आणि दारी माणसे खोळंबली होती. त्यांनी बाईंस म्हटले की तुम्ही शिकलेल्या आहात, आजाराची हकीकत तुम्हीच लिहून द्या, म्हणजे आत काय शोधावयाचे ते कळेल. बाई बाकावर बसल्या आणि लिहिले. पहिले परिच्छेदी घेरी लिहिली, जिन्यातली आणि देवापुढची, आणि पिवळ्या गोळ्या लिहिल्या. पुढे वय, जुने आजार, शेवटची घटका, सर्व क्रमाने. लिहून जाले. मग वाचिले. आणि वाचिता वाचिता आतून मातोश्रींचाच आवाज आला की पहिला परिच्छेद खोड. मातोश्री पलीकडील खोलीत थंड निजल्या होत्या आणि आवाज त्यांचाच आला. बाईंनी खोडिला, आणि स्वच्छ प्रत करून दिली. यात सर्वांत वाईट हे की खोडिल्याने हकीकत खरोखर सुधारली. आटोपशीर जाली, एक शब्द जास्त नाही. डॉक्टरांनी वाचून म्हटले की इतके नेमके कोणी लिहीत नाही. बाईंस त्या दिवशी तेवढेच एक बरे वाटले.

आश्विनात निकाल आला. त्यात एक ओळ, की मृत्यूचे निश्चित कारण आढळले नाही. बाई डॉक्टरांस जाऊन भेटल्या. डॉक्टरांनी सहज पुसिले की आधी कधी चक्कर आली होती काय. बाईंनी सांगितले. गोळ्यांचेही सांगितले. तेव्हा डॉक्टर काही वेळ टाचणी हाती घेऊन फिरवीत राहिले, आणि म्हणाले, "हे तेव्हा कळलं असतं तर हृदय पुढे तपासायला पाठवलं असतं. रक्तही राखून ठेवलं असतं. कदाचित कळलं असतं, कदाचित नसतं. आता काही ठेवलेलं नाही." मग घरी आल्यावर मंदाररावांनी पुसिले, "कापून कळलं का काही?" बाई नाही म्हणाल्या. खोडिलेल्या परिच्छेदाची गोष्ट बोलिल्या नाहीत. तेव्हा बोलिल्या नाहीत आणि मग बोलण्याचा दिवस निघून गेला.

मार्गशीर्षी बाई राज्यात हजर जाल्या. सर्वांच्या मुशी कापून जाल्या होत्या, बाईंची तेवढी शीतपेटीत होती. मुशी म्हणजे लहान जातीची शार्क. ही मादी होती, हातभर लांब, अंगाने करडी, पोटाकडे पांढरी, तोंड खालच्या अंगास, जणू काही बोलावयाचे राहून गेले. मासळी बाजारातून राज्याकरिता आणिली होती. नेमिलेल्या दिवशी मुशी ताटात निजली, दरबार भरला, आणि बाई उभ्या राहिल्या. त्यांनी पुष्कळ ग्रंथ पाहून प्रस्तावना रचिली होती. शार्क कुळीचा उगम, त्यांच्या शाखा, त्यांचे सांगाडे, कोणी प्रथम वर्णन केले, कोणी नाव बदलिले. वाचिता वाचिता दरबारास जांभया आल्या. सर म्हणाले, "ही मुशीची वंशावळ झाली. सोयरिक जुळवायची असती तर उपयोग होता. कापायची कशाला, ते कुठे आहे?" बाईंजवळ ते नव्हते. सरांनी दोन दिवसांनी पुन्हा उभे राहावे ऐसी आज्ञा केली आणि मुशी परत शीतपेटीत गेली.

तबस्सुमबीबी मुकादम म्हणोन बाईंची सोबतीण होती, वयाने धाकटी आणि जिभेने थोरली. तिने बाहेर बाकावर बसवून बाईंस चहा पाजिला आणि म्हणाली, "अगं बाई, ती मुशी काही तुझ्या प्रस्तावनेची वाट बघत नाहीये. ती मेलीये. माझी घे, उतरव, कापून मोकळी हो. मी कुणाची उतरवली? रेश्माची. रेश्मानं कुणाची? ते अल्लालाच माहीत." बाई हसल्या, पुष्कळ दिवसांनी हसल्या, आणि ती प्रस्तावना उतरून घेतली. दुसरे खेपेस उभ्या राहून वाचू लागल्या. आरंभ ठीक जाला. सर खिडकीबाहेर पाहू लागले, म्हणजे काम जाल्यात जमा होते. मग ते वाक्य आले, जे सर्वांनी वाचिले होते आणि कोणी ऐकिले नव्हते, की विच्छेदनाने शरीरातील गूढ कारणांचा उलगडा होतो. बाईंनी "गूढ कारणांचा" येथवर वाचिले आणि पुढील दोन शब्द मुखातून निघेनात. त्या उभ्या राहिल्या. पुन्हा आरंभिले, पुन्हा तेथेच थांबल्या. मागे कोणी खुदकन हसले. बाईंनी कागद घडी घालून ताटाशेजारी ठेविला, आणि सर प्रथमच खिडकीवरून नजर काढून त्यांजकडे पाहू लागले.

मग सरांनी खासगीत बोलाविले आणि खुर्ची दिली. म्हणाले की आईंचे कळले, फार वाईट जाले, मी त्यांस एकदा भेटलो होतो, माझ्या भाषणाचा पहिला भाग त्यांस लांबलेला वाटला ऐसे त्यांनी तोंडावर सांगितले होते. नियम माझा आहे सबब थोडी सवलत मीच देतो, प्रस्तावना तबस्सुमने वाचावी आणि तुम्ही नुसते कापावे. बाई बहुत आभार मानून नको म्हणाल्या. जे तोंडाने सांगता येत नाही ते दुसऱ्याचे तोंडाने सांगून कापावे, हे त्यांस इस्पितळी एकदा जे केले त्याहून निराळे वाटेना. सर म्हणाले की बरे, शुक्रवारी संध्याकाळी नावांची यादी जाते, शुक्रवारी दुपारी अखेरचे उभे राहा. बाहेर येता कोठीवाले तात्या आडवे आले आणि त्यांनी गाऱ्हाणे केले, की शीतपेटीचे दार लागत नाही, दोरीने बांधिले तरी फट राहते. "बाई, तुमच्या मुशीचा वास आता माझ्या डब्याला लागलाय. बायको विचारते, रोज कुणाकडे जेवता?"

मग बाई बाजारी गेल्या. ज्या मासळीवालीकडून मुशी आणिली होती तिला शोधून काढिले आणि पुसिले की ही कोठून आली. मासळीवाली प्रथम समजली की माल खराब निघाला म्हणून तक्रार आली, सबब कंबरेस हात देऊन उभी राहिली. मग कारण ऐकून तिला नवल वाटले. म्हणाली की मुशी विकली, खाल्ली, पण ती कशी होती हे कोणी पुसिले नाही बाई. मग आठवून सांगू लागली. खाडीच्या तोंडाशी जाळ्यात आणखी दोघींसह आली. त्या दोघी फार तडफडल्या, ही तडफडली नाही, आधीच थकलेली होती. उजवा डोळा दुधासारखा होता. बस, इतुकेच. बाई माघारी आल्या आणि शीतपेटीची दोरी सोडून मुशी बाहेर काढिली आणि दिवसाच्या उजेडात नीट पाहिली. डाव्या परावर जुना चावा होता, बरा जालेला. पोट डाव्या अंगास किंचित फुगलेले होते. वास येत होता. मग घरी जाऊन मातोश्रींच्या मेजावर बसोन लिहिले. पहिले परिच्छेदी हे सर्व लिहिले, खाडीचे तोंड, दोघी सोबतिणी, न तडफडणे, दुधाळ डोळा, जुना चावा, डाव्या अंगाची फुगवटी, आणि मासळीवाली काय म्हणाली तेही. यातील कामाचे कोणते आणि बिनकामाचे कोणते, हे कापण्याआधी कोणास ठाऊक नसते, सबब सर्वच लिहिले. मग पुढील परिच्छेदी हेतू लिहिला. लिहून जाले आणि वाचिले, आणि आवाज आला. ठरलेल्या वेळी आला, ठरलेल्या शब्दांनी आला. मेजाच्या खणात तांबडी पेन्सिल होती, ती मातोश्रींनी दातांनी चावलेली. बाईंनी खण उघडला, पेन्सिल पाहिली आणि खण लाविला.

शुक्रवारी दुपारी दरबार भरला. मुशी ताटात ठेविली, खिडक्या उघडिल्या, तरी पुढील रांगेने नाकास रुमाल लाविले. बाईंनी वाचिले. पहिला परिच्छेद वाचिला, तेव्हा कोणी हसले नाही. मग दुसरा वाचिला, तो येथे उतरितो. "ही मुशी का मेली हे बहुधा जाळ्याने मेली म्हणून सांगता येईल. परंतु ती जाळ्यात येण्याआधीच का थकली होती, हे कोणी पाहिलेले नाही. ते पाहावे म्हणून ती कापावयाची आहे. कापून कारण कळेलच असे नाही. न कळले तर निदान विचारण्यात काही वगळले नाही, एवढे म्हणता यावे." वाचून कागद खाली ठेविला. सरांनी खिडकीबाहेर एकदाही पाहिले नव्हते. त्यांनी चष्मा काढून पुसिला आणि म्हणाले, "इतक्या वर्षांत इथे उभं राहून, कशाला कापायचं ते कुणी स्वतःच्या शब्दांत सांगितलं नव्हतं. मलाच विसर पडला होता, मी हा नियम का केला त्याचा." मग उठून जवळ आले, कागद हाती घेतला, पुन्हा डोळ्यांखालून घातला, आणि खिशातील लाल शाईचे पेन काढून टोपण उघडिले आणि ते बाईंपुढे धरिले. म्हणाले, "फक्त पहिला परिच्छेद काढा. मासळीवाली काय म्हणाली ते शास्त्रात येत नाही. बाहेरचे परीक्षक वाचतात हे. तेवढा खोडा, बाकीचा अहवाल मागाहून जोडा, मी आत्ता खाली सही करतो."

बाईंनी पेन हाती घेतले. ते जड होते. त्या कागदाकडे पाहत राहिल्या.

"एकदा खोडलाय, सर," त्या म्हणाल्या.

सरांनी कागद उजेडाकडे धरून पाहिला. "कुठे? सगळा इथे आहे की."

"इथे नाही."

मागून तबस्सुमबीबी हळूच म्हणाली, "अगं, खोड ना. एक रेघ आहे." आणि खरोखर एकच रेघ होती. एका रेघेपलीकडे सही होती, सहीपलीकडे नाव होते, नावापलीकडे ते सर्व होते जे अर्धवट राहू नये ऐसी मातोश्रींची इच्छा. बाईंच्या मनी आले की कारण सांगावे. सांगितले तर सर सही करितील, हेही त्यांस निश्चित ठाऊक होते, कारण माणूस वाईट नव्हते. परंतु जे सख्ख्या भावास सांगितले नाही ते दरबारात सांगावे कैसे. आणि सांगून सही घ्यावी, तर त्या खोडिलेल्या परिच्छेदाचाही उपयोग होऊन जावा, ज्याचा उपयोग होण्याचा दिवस एकच होता आणि तो गेला. बाईंनी टोपण लाविले आणि पेन परत केले.

"तो राहू द्या," त्या म्हणाल्या. "बाकी काही नको."

सरांनी आणखी दोन वेळा पुसिले, दुसऱ्या वेळी जवळजवळ विनवून पुसिले. मग म्हणाले की एकास मोकळीक दिली तर उद्या प्रस्तावनेत अख्खा मासळी बाजार येईल, मी तरी काय करू. आणि कागद बाईंच्या हाती देऊन खाली पाहत आपल्या जागी गेले. संध्याकाळी यादी गेली, तीत बाईंचे नाव नव्हते. यास्तव कोणास दोष द्यावा ऐसे नाही.

मुशी तशीच ताटात होती. सरांनी आज्ञा केली की प्राणी आणिला तो वाया जाऊ नये, तबस्सुमने कापावी. तबस्सुम रडत रडत शस्त्र घेऊन उभी राहिली आणि तिने मधोमध चीर दिली. आत काही वेगळे ओळखू येण्याजोगे उरले नव्हते. यकृत विरघळून सर्वत्र पसरले होते, आतडी हाताशी येत नव्हती. डाव्या अंगाची फुगवटी कशाची होती, अन्नाची, गाठीची, की पिले होती, ते कळले नाही. सरांनी नमुना निरुपयोगी ऐसे लिहविले. तात्यांनी मुशी वर्तमानपत्रात गुंडाळून मागील आवारी नेली आणि पुरिली. बाईंनी मेणाचे ताट धुतले, टाचण्या मोजून डबीत ठेविल्या, शीतपेटीचे दार दोरीने बांधिले, आणि पूर्वजांच्या बरण्यांवरून दिवे मालवीत बाहेर आल्या.

वाटेतच मंदाररावांचा फोन आला. त्यांनी पुसिले, "ताई, झाली का सही?"

बाई म्हणाल्या, "नाही रे."

"का? काय काढलं आता त्यांनी?"

"पहिला परिच्छेद जास्त झाला म्हणाले."

पलीकडे मंदारराव हसले, खूप दिवसांनी मोकळेपणी हसले, आणि म्हणाले, "आई असती तर तिनंही हेच सांगितलं असतं."

बाई म्हणाल्या, "हो." आणि बंधूचे हसणे संपेतो फोन कानाशी धरून रस्त्याच्या कडेस उभ्या राहिल्या.

येणेप्रमाणे मुशीचे प्रकरण जाले. यात जय कोणाचा नाही आणि नवे काही कळले नाही. मातोश्रींचे कारण कळले नाही, मुशीचेही नाही. राज्य आहे तेथेच आहे. नियम चालू आहे, आणि नवे विद्यार्थी जुनीच प्रस्तावना वाचितात. बखर लिहून जाली आणि वाचून पाहिली, तो आरंभीचा मजकूर प्रकरणास सोडून आहे ऐसे दिसून आले. तो तैसाच ठेविला आहे. कोणी नक्कल करील त्याने खोडू नये. लेखनसीमा.